ओहोटशास्त्र शिकायला येणाऱ्यांसाठी

ओहोटशास्त्र कुठल्याही विद्यापीठात शिकवत नाहीत. शिकवणार कसं? ते ज्या मुलखात चालतं तो मुलूखच देवगड ते वेंगुर्ला पट्ट्यातल्या आम्ही काही रिकामटेकड्या माणसांनी मिळून रचलाय. त्याला आम्ही ‘दर्यामागचा मुलूख’ म्हणतो, बोलताना नुसतं ‘दर्यामागं’. कुणी त्यातल्या कथा लिहितं, कुणी नकाशे काढतं, आणि रविवारी जेवणं उरकली की माडीवर बसून फासे टाकत आम्ही तो खेळतो. एक जण सूत्रधार, बाकीची पात्रं. दर्यामागं राजे आहेत, चाचे आहेत, बोलणारे माड आहेत (हे मला अजून पटलेलं नाही, पण मतदानात हरले), आणि ओहोटकरी आहेत.

ओहोटकरी म्हणजे सुकती लागल्यावर उघड्या पडलेल्या किनाऱ्यावर दर्यानं जे ठेवलं, पुसलं, हलवलं ते वाचणारा माणूस. दर्या मेलेल्यांचं ऐकून घेतो आणि जिवंतांना कळवतो, अशी तिथल्या लोकांची श्रद्धा. कळवतो ते वाळूवर आणि खडपावर, म्हणजे किनाऱ्यावरच्या खडकांवर. पुढची भरती चढली की सगळं साफ. एका ओहोटीत जेवढं वाचून होईल तेवढंच तुमचं.

नवीन येणाऱ्या दहातल्या आठांना ओहोटकरीच व्हायचं असतं. तलवारबाज, वैद्य, खलाशी ही पात्रं पडून राहतात. तक्रार नाही, मीही ओहोटकरीच आहे. पण दर वेळी तेच पहिल्यापासून सांगावं लागतं, म्हणून हे एकदा लिहून ठेवते.

नवखा बहुधा एक समजूत घेऊन येतो: गूढार्थ म्हणजे जे सुचेल ते, फक्त गंभीर आवाजात. कॉलेजातला एक मुलगा आला होता. हुशार, भरपूर वाचलेला. सूत्रधारानं पहिल्याच डावात सांगितलं, पुळणीवर (वाळूच्या किनाऱ्यावर) फुटका शंख पडलाय. हा म्हणाला, राजघराणं संपणार. पुढं कुर्लीची तुटकी नांगी दिसली. राजघराणं संपणार. मग वाहत आलेली झावळी. पुन्हा राजघराणं. शेवटी सूत्रधारानं विचारलं, “बाबा रे, आणि किनाऱ्यावर काहीच दिसलं नाही तर?” तो म्हणाला, “तर ते मौन. राजघराण्याच्या अंताचं.”

आम्ही पोट धरून हसलो, पण अडचण नेमकी तिथंच आहे. ज्या वाचनाला काहीही चालतं ते खेळात निरुपयोगी आणि कथेत कंटाळवाणं. ऐकणाऱ्याला धाकधूकच उरत नाही. म्हणून ओहोटशास्त्राचं सगळं बांधकाम एका अटीवर उभं आहे: वाचन चुकू शकलं पाहिजे, आणि ते चुकलं हे कशावरून ओळखायचं ते वाचणाऱ्यानंच आधी सांगायचं. बाकीचे नियम या अटीच्या पोटातून निघालेत. ही अट ज्याला जाचक वाटते त्यानं खुशाल मांत्रिक व्हावं. दर्यामागं मांत्रिकांची कमी नाही.

ही अट आम्हाला पुस्तकातून सुचली नाही, देवळात सुचली. तळकोकणातल्या माणसाला कौल समजावून सांगायला नको, पण वाचणारे पुण्या-मुंबईचेही असतील. ग्रामदेवतेच्या मूर्तीला फुलं किंवा कळे लावतात. गुरव नाहीतर गावकर गाऱ्हाणं घालतो, जमलेले ‘व्हय म्हाराजा’ म्हणत साथ देतात, आणि मग फूल कुठल्या बाजूचं पडतं याची वाट बघत बसायचं. बहुतेक देवळांत उजवा कौल म्हणजे होकार, डावा म्हणजे नकार. तुमची श्रद्धा असो नसो, रचना बघा. प्रश्न सगळ्यांसमक्ष, मोठ्यानं, फूल पडायच्या आधी विचारलेला. कुठल्या बाजूचा अर्थ काय, तेही आधीच ठरलेलं. फूल पडल्यावर प्रश्न फिरवायचा म्हटलं तरी गाव ऐकत बसलेलं असतं. दर्यामागचा ओहोटकरी पुळणीवर पाय ठेवण्याआधी गाऱ्हाणं घालतो ते यातूनच आलं. डावात तुम्हाला ते खरोखर बोलावं लागतं. पुटपुटलात तर सूत्रधार फासा देत नाही.

आता अभ्यासाकडे. पहिले काही रविवार तुम्हाला अर्थ लावायला मिळणार नाही. फक्त वर्णन करायचं. खऱ्या किनाऱ्यावर जायचं, वहीत दिसेल ते लिहायचं, आणि ‘जणू’, ‘जसं काही’, ‘वाटतं’ हे शब्द आले की ते वाक्य खोडायचं. मुलं वैतागतात. आमच्यातले एक वयस्क सभासद, जन्म रापणीवर (किनाऱ्यावरून ओढायच्या मोठ्या जाळ्यावर) गेलेला, त्यांचं ठरलेलं वाक्य आहे: “आधी काय दिसता ता सांग, मगे अर्थ.” रापण ओढणाऱ्याला पाण्याचा बदललेला रंग आणि वर घिरट्या घालणारे पक्षी बघूनच जाळं टाकायचं की नाही ते ठरवावं लागतं. त्यानं दिसण्याच्या आधी अर्थ लावला तर सगळी वाडी रिकाम्या जाळ्याची दोरी ओढत बसते.

वर्णन म्हणजे किती कठीण काम आहे ते बघायचं तर सड्यावर, म्हणजे माथ्यावरच्या सपाट कातळावर जा. रत्नागिरी, राजापूर भागात जांभ्याच्या सड्यांवर कातळशिल्पं आहेत. उक्षी, जांभरुण, कशेळी, रुंढे तळी, देवीहसोळ, बारसू, देवाचे गोठणे ही रत्नागिरी जिल्ह्यातली, आमच्या सिंधुदुर्गात कुडोपी, आणि गोव्यात फणसामाळ. ही नऊ ठिकाणं २०२२ मध्ये युनेस्कोच्या जागतिक वारशाच्या तात्पुरत्या यादीत गेली. कशेळीचा हत्ती सुमारे १८ मीटर लांब आहे आणि त्याच्या पोटात कितीतरी दुसरे प्राणी कोरलेले आहेत. काही ठिकाणी गेंडा आहे, आणि आज कोकणात गेंडा नाही. गावात विचाराल तर पांडवांनी एका रात्रीत काढली म्हणतील. कोरणाऱ्यांना काय म्हणायचं होतं ते त्यांच्याबरोबर गेलं. तरी अभ्यासकांचं काम अडलेलं नाही. माती झाडून रेषा मोकळ्या करणं, मोजमाप घेणं, आकृती कागदावर उतरवणं, उंचावरून फोटो काढणं, कुठली आकृती कुठल्या आकृतीच्या शेजारी येते त्याची नोंद ठेवणं. अर्थाचा पत्ता नसताना इतकं काम करता येतं, हे नवख्यानं एकदा डोळ्यांनी बघून यावं. जाल तेव्हा कोरीव रेषांवर पाय देऊ नका आणि फोटो ठळक यावा म्हणून खडू फिरवू नका.

वर्णन जमलं की वेळापत्रक. हे माझं सगळ्यांत आवडतं प्रकरण, कारण इथं आम्हाला काही रचावंच लागलं नाही. आमच्याकडचा जुना हिशेब असा: तिथीची पाऊणपट केली की पूर्ण भरतीची वेळ मिळते. चतुर्थीला चार गुणिले पाऊण, म्हणजे तीन वाजता. अष्टमीला सहा. एकादशीला सव्वाआठ. अमावास्या-पौर्णिमेला बाराच्या सुमारास. पूर्ण ओहोटी त्यानंतर साधारण सहा तासांनी. हिशेब ढोबळ आहे, ठिकाणानुसार थोडं पुढंमागं होतं, पण भिंतीवरच्या कॅलेंडरवरून किनाऱ्यावर कधी जायचं ते ठरवायला पुरतो.

आता यातून काय निघतं बघा. अमावास्या-पौर्णिमेच्या आसपास उधाण असतं. पाणी सगळ्यांत वर चढतं आणि ओसरताना सगळ्यांत खाली जातं. एरवी कधीच न दिसणारी खालची खडपं तेव्हाच उघडी पडतात. आणि भरती बाराला असेल तर ओहोटी सहाला. म्हणजे दर्यामागचा सगळ्यांत खोल, सगळ्यांत दुर्मीळ मजकूर महिन्यातून दोनदाच, आणि तोही पहाटे किंवा तिन्हीसांजेलाच वाचता येतो. अंधुक उजेडात. अष्टमीच्या सुमारास भांग असतो, पाणी फारसं चढत नाही आणि फारसं उतरत नाही, पण ओहोटी येते भर दुपारी. म्हणजे लख्ख उजेड आहे तेव्हा वाचायला थोडंच, आणि भरपूर आहे तेव्हा उजेड नाही. ही कल्पना आमच्यातल्या कुणाचीही नाही, चंद्राची आहे. तुम्ही स्वतःचा मुलूख रचत असाल तर माझं ऐका, आधी अशी एखादी खरी यंत्रणा शोधा आणि तिच्या अडचणी जशाच्या तशा ठेवून घ्या.

त्याच यंत्रणेतून दोन पंथही निघाले. खंबायतच्या आखाताकडे जावं तसा भरती-ओहोटीतला फरक वाढत जातो. दर्यामागच्या उत्तरेकडच्या ओहोटकऱ्यांना म्हणून लांबच लांब किनारा वाचायला मिळतो आणि त्याचा त्यांना भारी गर्व. दक्षिणेकडचे म्हणतात, तुमचं ते पाल्हाळ, आमचं ते सूत्र. पावसाळ्यात दोघांचंही वाचन बंद. आपल्याकडे १ जून ते ३१ जुलै यांत्रिकी मासेमारीला बंदी असते, त्या काळात होड्या शाकारलेल्या असतात. तिथं ओहोटकरी नारळी पौर्णिमेपर्यंत घरात बसून वह्या उतरवतात आणि एकमेकांचे जुने अर्थ खोडतात. आमचे सगळ्यांत चांगले डाव पावसाळ्यातले आहेत, ज्यात कुणीच घराबाहेर पडत नाही.

वाद आहे तो गोळ्यांचा. ओल्या पुळणीवर ओहोटीच्या वेळी वाळूच्या बारीक गोळ्यांची नक्षी तुम्ही बघितली असेल. मधे एक बीळ आणि त्याच्याभोवती किरणांसारख्या ओळी. वाटाण्याएवढे खेकडे ती करतात. वाळू तोंडात घालायची, तिच्यातलं खाण्याजोगं काढून घ्यायचं, उरलेली गोळी करून बाजूला टाकायची. भरती आली की नक्षी गेली. दर्यामागचा जुना पंथ म्हणतो, हीच दर्याची लिपी. ओळी आहेत, मध्य आहे, दर ओहोटीला नवा मजकूर आहे, आणखी काय हवं? नवा पंथ म्हणतो, हे खेकड्याचं उष्टं आहे. त्याला काही म्हणायचं नाहीये, त्याचं फक्त जेवण झालंय.

मला विचाराल तर या एका वादानं ओहोटशास्त्राला शास्त्र बनवलं. ‘यात अर्थच नाही’ असं म्हणणारा माणूस ज्या विद्येच्या आत बसलेला असतो ती विद्या जिवंत राहते. आपल्याकडे याचं जुनं उदाहरण आहे. यास्कांच्या निरुक्तात कौत्स नावाच्या आचार्यांचं मत नोंदलेलं आहे: वेदमंत्र अनर्थक आहेत, त्यांना अर्थ नाही. शब्दांचे अर्थ उलगडण्यासाठी लिहिलेल्या ग्रंथात, पहिल्याच अध्यायात, हे मत मुद्द्यांसकट दिलंय. यास्क उत्तर देतात आणि त्यात चिडल्यासारखं एक वाक्य येतं: ‘नैष स्थाणोरपराधो यदेनमन्धो न पश्यति’. आंधळ्याला खांब दिसला नाही तर तो खांबाचा दोष नव्हे. टोला बसतो खरा, पण कौत्स पुस्तकातून गेले नाहीत. आमच्याकडे दर डावात एका खेळाडूनं कौत्स व्हायचं असतं. त्याचं पात्र कुठलंही असो, प्रत्येक वाचनाला त्यानं एकदा तरी ‘हे नुसतं उष्टं नाही कशावरून?’ असं विचारलंच पाहिजे.

त्याला उत्तर द्यायला काही हत्यारं लागतात, ती आम्ही मीमांसकांकडून, म्हणजे वेदवाक्यांचा अर्थ कसा लावायचा याचे नियम घालणाऱ्या जुन्या शास्त्रकारांकडून उचलली. वाक्याचं तात्पर्य ठरवायच्या त्यांच्या सहा खुणा आहेत: उपक्रम-उपसंहार, अभ्यास, अपूर्वता, फल, अर्थवाद आणि उपपत्ती. नावं ऐकून पळू नका. एका डावात त्या कशा चालल्या तेच सांगते.

गाव जत्रेला गेलेलं. तिथी अष्टमी, म्हणून ओहोटी दुपारी बाराची. एकच्या सुमारास दोघे ओहोटकरी पुळणीवर उतरले, एक जुना आणि एक नवखा. सूत्रधारानं वर्णन दिलं: सगळी पुळण गोळ्यांच्या नक्षीनं भरलीये, मधेच एक लांबट जागा कोरी आहे, एका टोकाला निमुळती. तिच्यात मेलेला माकूळ (स्क्विड) आणि झेंडूची माळ पडलीये. नवख्यानं माळ बघितली आणि जाहीर केलं, मेलेल्यांची होडी आली होती. आकार होडीचा, फुलं प्रेताची. छान जमलं होतं, आम्हालाही क्षणभर शहारा आला.

जुना म्हणाला, चुकलं असेल तर कशावरून कळेल ते सांग. नवख्यानं बराच विचार केला आणि फार चांगलं उत्तर दिलं: मेलेल्यांना वजन नसतं, म्हणून कोऱ्या जागेतली वाळू दबलेली नसणार. बोटानं दाबून बघितलं. वाळू घट्ट बसलेली होती. होडी जिवंत माणसांची.

मग सहा खुणा. उपक्रम-उपसंहार, म्हणजे मजकूर सुरू कुठं होतो आणि संपतो कुठं. नवखा कोऱ्या जागेपाशी थांबला होता. निमुळत्या टोकापासून पाण्यापर्यंत एक पट्टा गेला होता आणि त्यातल्या गोळ्या चिरडलेल्या होत्या. म्हणजे होडी टेकली तेव्हा खेकडे बाहेर आले नव्हते, आणि ओढून नेली तेव्हा त्यांचं जेवण अर्धं झालं होतं. ओहोटी लागल्यावर आली, पूर्ण ओहोटीच्या आत गेली. अभ्यास, म्हणजे पुनरावृत्ती. किनाऱ्यानं पुढं चालत गेल्यावर आणखी दोन तशाच जागा सापडल्या. होड्या तीन. अपूर्वता, म्हणजे हे दुसरीकडून आधीच कळलेलं आहे का. नव्हतं. बुरुजावरचा पहारेकरी शपथेवर सांगत होता की सकाळपासून चिटपाखरू आलेलं नाही. फल, म्हणजे हे कळल्यावर कुणी काय करायचं. पहारेकऱ्याला गाठायचं. अर्थवाद, म्हणजे मूळ सांगण्याभोवतीची सजावट. माकूळ आणि माळ, दोन्ही ओहोटीनं मागं टाकलेली, त्यांचा होडीशी काही संबंध नाही. उपपत्ती, म्हणजे हे सगळं युक्तीला धरून आहे का. वर होडी असताना खेकड्याला त्या वाळूत जेवता येत नाही. धरून आहे.

पुढचे कितीतरी रविवार त्या तीन होड्यांवर चालले. मेलेल्यांची होडी असती तर डाव त्याच संध्याकाळी संपला असता, कारण मेलेल्यांचं कुणी काही करू शकत नाही. नवख्यांना गूढ म्हणजे भुतंखेतं वाटतात. माझा अनुभव असा की किनाऱ्यावरचं सगळ्यांत दडलेलं गुपित बहुधा जिवंत माणसांचं असतं. मीमांसकांच्या हत्याराचा आम्ही केलेला वापर एखाद्या शास्त्रीबुवांना पाखंड वाटेल, याची कल्पना आहे.

आणखी एक गोष्ट शिकवतो ती थोडक्यात. अकराव्या शतकात काश्मीरच्या मम्मटांनी काव्यप्रकाशात ‘गतोऽस्तमर्कः’ हे उदाहरण दिलंय. सूर्य मावळला, एवढंच वाक्य. पण गुराख्याला ते ऐकून गुरं आत घ्यावीशी वाटतील, दुकानदाराला माल आवरावासा वाटेल, कुणाला संध्येला बसायचं आठवेल, कुणाला ठरलेल्या भेटीला निघायचं. खूण वाचताना ती कुणासाठी आहे हे न विचारणारा ओहोटकरी अर्धाच. डावात प्रत्येक वाचनाखाली ‘कुणास’ असा रकाना असतो. तो रिकामा असेल तर आम्ही वही परत करतो.

गुप्त लिपीबद्दल सगळे हौसेनं विचारतात, म्हणून नाइलाजानं. महानुभावांनी आपले ग्रंथ सकळा, सुंदरी अशा सांकेतिक लिप्यांत ठेवले. अक्षरांची अदलाबदल केलेली, ज्याला किल्ली ठाऊक त्यालाच वाचता येणार. लीळाचरित्रासारखा तेराव्या शतकातला मराठी गद्यग्रंथ बाहेरच्यांना शतकानुशतकं दिसलाच नाही. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला वि. का. राजवाडे यांच्यासारख्यांनी ती लिपी उलगडली तेव्हा तो उजेडात आला. गोष्ट मोठी आहे, पण ओहोटशास्त्राच्या दृष्टीनं किल्ली सापडली की लिपीतलं गूढ संपतं. मजकूर वाचता यायला लागतो, आणि त्याचा अर्थ काय हा प्रश्न तेव्हा कुठं सुरू होतो. नवखे आपापल्या लिप्या तयार करून आणतात, सुंदर वळणदार, आणि त्या लिपीत लिहिलेलं असतं ‘राजघराणं संपणार’. लिपी करा, हौस म्हणून करा. पहिल्या वर्षात मात्र दाखवू नका.

त्यापेक्षा खाडीवर जा. ओहोटीला बायका तिसऱ्या (वाळूतले शिंपले) काढायला उतरतात तेव्हा जवळ उभं राहून बघा. वाळूत शिंपल्यानं श्वासाला ठेवलेली बारीक भोकं असतात. आपल्याला सगळी वाळू सारखीच दिसते. एका काकींनी मला विचारलं होतं, “काय बघतंस गो? हयसर दोन भोकां दिसतत ना, थयसर खण.” त्या दिवसापासून दर्यामागच्या खेळात काही नवी माणसं आली: ओहोटीला खाडीत उतरणाऱ्या बायका. त्या ओहोटकऱ्यांपेक्षा जास्त वाचतात, गाऱ्हाणं घालत नाहीत, वह्या ठेवत नाहीत, आणि त्यांना कुणी शास्त्री म्हणत नाही. ओहोटकऱ्याला मात्र प्रत्येक वाचनाचा मान मिळतो, नारळ, तांदूळ, जत्रेत पुढची जागा. मान कुणाला आणि माहिती कुणाकडे, हा प्रश्न आमच्या मुलखात अजून सुटलेला नाही, आणि तो सोडवू नये असं माझं मत आहे. गावात मानापानावरून किती वर्षं कज्जे चालतात ते आपण सगळे बघतोच. सगळं गोड असलेला मुलूख खेळायला कोण येईल?

आता तो प्रश्न, जो पालक विचारतात. याचा पुढं उपयोग काय? पैसे मिळणार नाहीत, हे स्पष्ट सांगते. पण सवय लागते ती खऱ्या विद्यांना चालते. ज्याला वर्णनाचा भाग आवडला त्यानं पुरातत्त्वाकडे बघावं. ज्याला ‘कुणास’चा रकाना आवडला त्यानं भाषाविज्ञानाकडे. पुण्याच्या डेक्कन कॉलेजात दोन्ही विषय आहेत. वह्या उतरवण्यात ज्याचा जीव रमतो त्यानं मोडी शिकावी. १९१० साली स्थापन झालेल्या भारत इतिहास संशोधक मंडळासारख्या ठिकाणी मोडी कागदांचे ढीग आहेत आणि मोडी झरझर वाचणारी माणसं थोडी. खेळ लिहिणं, गोष्टी लिहिणं ही कामं तर आहेतच. आमच्यातली एक मुलगी वकिलीकडे वळली. ती म्हणते, साक्ष ऐकताना माकूळ कुठला आणि कोरी जागा कुठली हे तिला लगेच कळतं. आणि काही जणांना पुढं काहीच करायचं नसतं, रविवारी येऊन फासे टाकायचे असतात. तेही चालतं. चहा सगळ्यांना सारखाच.

सामान: वही, पेन्सिल (ओल्या हातांत पेन चालत नाही), तिथी दाखवणारं कॅलेंडर, मोजपट्टी. खडपावर शेवाळ असतं, गुळगुळीत तळाच्या चपला घालून उतरू नका. भरती फिरली की कितीही रंगात आला असाल तरी वर या, पाणी मागून चढून वाट बंद करतं. जिवंत शिंपला उचलून घरी नेऊ नका.

सध्या आमच्याकडे पेटलेला वाद प्लास्टिकचा आहे, तो येण्याआधी ऐकून ठेवा. खऱ्या किनाऱ्यावर वर्णनाला गेलेल्यांच्या वह्यांत बाटल्या, जाळ्यांचे तुकडे, थर्माकोल यांच्या नोंदी येतात. दर्यामागं प्लास्टिक नाही. मग सरावाच्या वहीत ते लिहायचं की वगळायचं? एक गट म्हणतो, वगळा, मुलूख बिघडतो. दुसरा म्हणतो, दिसलं ते लिहायचं हा पहिला नियम, आवडीनिवडी कसल्या करता? मी दुसऱ्या गटात आहे. पण पहिल्या गटात रापणकर काका आहेत, आणि त्यांचं म्हणणं असं की जाळ्यात रोज तेच येतं, निदान खेळताना तरी नको. त्यांना उत्तर कुणाकडेच नाही. मतदान पुढच्या पौर्णिमेनंतरच्या रविवारी आहे. नवीन माणसांनाही मत आहे, तेव्हा त्याआधी एकदा पुळणीवर जाऊन या.